जिराफ म्हणण्याचा हक्क

दर शनिवारी चार ते सहा या वेळात घड्याळजी बायकोला हुकूम सोडायचा आणि ती मुकाट ऐकायची. दोघांच्या राजीखुशीचा मामला. हुकूम कसा द्यायचा याचे सात नियम तिनेच लिहून कपाटाच्या दाराला आतून चिकटवले होते.

ती ऑपरेशन थिएटरची हेड सिस्टर. दोन वर्षांपूर्वी म्हणाली होती, "अहो, आठवडाभर साठ माणसं मला विचारतात, काय करू, कुठे ठेवू. दोन तास कुणीतरी मला सांगा. तुमच्याशिवाय कोणापुढे मान खाली घालू?" गिऱ्हाइकाशी 'बघतो' यापलीकडे न बोलणारा माणूस खुलला होता. पहिल्या शनिवारी त्याचा आवाज थेट पोटातून आला होता.

आता बुधवारपासूनच तो शनिवारचे हुकूम जुळवत बसायचा. मोजे जोडीने लाव, खिडकीकडे तोंड कर, डाव्या हाताने चहा पी, सगळं सांगून झालं होतं. पण आता काही सुचत नाही हे कबूल केलं तर तिचे आठवड्यातले विसाव्याचे दोनच तास जाणार.

चार वाजले.

"जरा बसतेस का?"

"नियम पाच," ती म्हणाली. "हुकूम विनंतीसारखा वाटता कामा नये."

"बस."

ती बसली. हात मांडीवर, मान खाली. पुढे काय? घोडं तिथेच अडलं. चार वीसला त्याने घसा खाकरला.

"जिराफ."

हा शब्द उच्चारला की सगळं तिथल्या तिथे बंद, असं ठरलेलं. दोन वर्षांत तो कुणीच उच्चारला नव्हता. तिने मान वर केली.

"अहो, जिराफ माझा आहे."

"नियम तीन. दोघांपैकी कुणीही."

"ते शोभेला लिहिलं होतं." मग त्याच्याकडे बघत, "विटलात?"

"दमलो. तुला कंटाळा येईल म्हणून नवंनवं शोधत बसतो."

"डाव्या हाताचा चहा तुम्हाला हवा होता ना?"

"मला कशाला? सगळा अंगावर सांडलास."

"मला कुणी काही विचारू नये, एवढंच हवंय."

"मग नुसतं स्वस्थ बसायचं की."

"आपणहून बसले तर दोन मिनिटांत उठते. कुणी बसवलं तर बसते."

घड्याळजीने दुरुस्तीचं एक घड्याळ टेबलावर घेतलं, भिंग डोळ्याला लावलं.

"परत सुरू?"

"सुरू."

"सहापर्यंत उठायचं नाही. बोलायचं नाही."

पावणेपाचला ती म्हणाली, "अहो, तो स्क्रू खाली..."

"बोलायचं नाही म्हटलं ना."

आवाज पोटातून आला. त्याचं त्यालाच नवल वाटलं. तिने तोंड मिटलं आणि तिचे खांदे बोटभर खाली उतरले. स्क्रू नंतर शोधायचं त्याने ठरवलं.

सहा वाजले. घरातल्या अकरा घड्याळांपैकी नऊंनी तसं सांगितलं. दोघांनीही ऐकलं नाही.