दुसऱ्या रांगेतला भाडेकरू

रविवारच्या सदरात लेखक स्वतःची मनसोक्त टिंगल करायचा. आपल्याला पुरुष आवडतात, हे त्याने पहिल्याच लेखात सांगून टाकलं होतं. तरीही काका मुलींचे फोटो आणत राहिले, तेव्हा त्याने लिहिलं, ‘मुलगी छान होती. तिचा भाऊ जास्त छान होता.’ वाचक पोट धरून हसले. ताईने अबोला धरला. मग तिनेच फोन करून सांगितलं, “पण भाऊ खरंच छान होता रे.”

फक्त एका माणसाबद्दल त्याला खरं लिहिता येत नव्हतं. ज्याच्याबरोबर तो संसार करत होता, तो कवळ्या बनवायचा. दातांच्या डॉक्टरांकडून साचे यायचे आणि जेवणाच्या टेबलावरच काम चालायचं. “माझी आई तुझं सदर वाचते,” त्याने बजावलं होतं. “तिला कळलं तर हाय खाईल.”

म्हणून लेखकाने त्याला भाडेकरू केलं. भाडं न देणारा, घरभर पसारा मांडणारा, वर मालकालाच “ताट उचल” म्हणून दरडावणारा. लोकांना तो लेखकापेक्षा जास्त आवडू लागला. कवळीवाल्याची आईसुद्धा मुलाला विचारायची, “या मेल्याला बाहेर का काढत नाहीत रे?” मुलगा हसायचा.

आई गेली. दुःख ओसरल्यावर एका सकाळी मेणात दात बसवता बसवता कवळीवाला म्हणाला, “आता खरं लिही.”

“पुस्तक येतंय ना, त्यात लिहितो.”

पुस्तक आलं. त्यात भाडेकरूच होता.

“लोकांना सवय झालीय रे,” लेखक म्हणाला. “प्रकाशनाच्या दिवशी सगळ्यांसमोर सांगतो.”

प्रकाशनाला कवळीवाला इस्त्रीचा शर्ट घालून दुसऱ्या रांगेत बसला. एक आजी उठल्या. “अहो, तुमचा तो भाडेकरू खरा आहे का? एकदा बघायचाय मला.”

लेखकाने त्याच्याकडे पाहिलं. तो खुर्चीच्या कडेवर येऊन उठायच्या बेतात होता. पण लोक हसायला टपलेले होते, आणि लेखकाच्या जिभेवर वाक्य तयार होतं.

“खरा आहे हो आजी. पण मी भाडं मागेन म्हणून आला नाही!”

सभागृह खदखदून हसलं. कवळीवालाही हसला आणि पुन्हा टेकून बसला.

परतताना लेखक म्हणाला, “रागावलास?”

“नाही रे, विनोद चांगला होता. मी हसलोसुद्धा. आई विचारायची तेव्हा हसायचो ना, अगदी तसाच. तेच डाचतंय.”

त्या आठवड्यात लेखकाने खरं लिहिलं, एकही विनोद न घालता, आणि छापायला देण्याआधी त्याच्यापुढे ठेवलं. त्याने हात पुसून सावकाश वाचलं.

“चांगलं झालंय. दे छापायला.”

“मग? खूश नाहीस?”

“तसं नाही. पण मी त्या दिवशी उठत होतो रे.”

एवढं बोलून त्याने कोणाची तरी कवळी उजेडात धरली आणि तिच्या कडा कानशीने घासू लागला.