मधेच उतरायची मुभा

कंडक्टरबाईंना रेडिओवर बोलावलं ते काही आवाजासाठी नव्हे. एकतीस वर्षं बसमध्ये ओरडून तो इतका तयार झाला होता, की काचेपलीकडच्या तंत्रज्ञानं त्यांना दोनदा माइकपासून मागे सरकायला लावलं. त्यांना बोलावलं, कारण सांध्यांच्या नव्या औषधाच्या चाचणीत त्या सहा महिने होत्या, आणि आता त्या चाचणीकडे कुणी फिरकत नव्हतं. फिरकणार कसं? जो तो म्हणे, तिथे माणसांचे उंदीर करतात.

हेच वाक्य त्यांना धाकट्या बहिणीनं महिनाभर ऐकवलं होतं. दुखणं दोघींचं एकच, आईकडून आलेलं. धाकटीचं शिवणाचं दुकान, आणि आता तिला सकाळी कात्री धरवत नव्हती. नावनोंदणी शनिवारी बंद होणार होती. बाईंनी तिला परोपरीनं समजावलं, "अगं, काही होत नाही. मला झालं का काही?" त्या जितक्या समजवायला जात, तितकी ती हट्टाला पेटे. शेवटी तिनं बोलणंच टाकलं. आठ दिवस फोन नाही. बाई वरून चिडल्या होत्या, पण आतून पार धास्तावल्या होत्या. उद्या हिचे हातच गेले तर हिनं करायचं काय?

"तुमचा अनुभव सांगा," निवेदिका म्हणाली. शेजारी चाचणीच्या डॉक्टरीणबाई बसल्या होत्या, समोर दवाखान्यानं लिहून दिलेला कागद होता. बाईंनी पहिलं वाक्य वाचलं, "अनुभव अतिशय सुखद होता," आणि त्यांना स्वतःचाच राग आला. असल्या गुळमुळीत बोलण्यावर त्यांनी स्वतः तरी विश्वास ठेवला असता का? त्यांनी कागद पालथा घातला.

"डोंबलाचा सुखद," त्या म्हणाल्या. "पहिले तीन आठवडे मला अन्न बघवत नव्हतं. ओकून ओकून जीव नकोसा झाला. बरं, मला खरं औषध मिळालं की नुसती दिखाऊ गोळी, हे अजून मला ठाऊक नाही. यांनाही नाही. निकाल लागेपर्यंत कळायचं नाही, हे मात्र यांनी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं."

निवेदिकेनं घाबरून डॉक्टरीणबाईंकडे पाहिलं. बोलू द्या, अशी त्यांनी खूण केली.

"आणि मी मधे सोडूनही दिलं होतं. बारा दिवस गोळीला हात लावला नाही. म्हटलं, आता चांगली खरडपट्टी निघणार. यांचा फोन आला, तर विचारतात काय, तब्येत कशी आहे? म्हणाल्या, कायमचं सोडायचं असलं तरी खुशाल सोडा, कारणही सांगू नका, तुमचे नेहमीचे उपचार चालूच राहतील. मग मी संमतीपत्र काढून चष्मा लावून वाचलं. सगळं लिहिलेलं होतं हो त्यात. बससारखंच आहे. मधे उतरायचं तर बेल वाजवा, कंडक्टर काही हात धरून ठेवत नाही. परत गेले ती माझ्या मर्जीनं."

मग श्रोत्यांचे फोन सुरू झाले. तिसऱ्या फोनवरचा आवाज बाईंनी लगेच ओळखला. धाकटी होती.

"हे सगळं सख्ख्या बहिणीला का नाही सांगितलंस? सहा किलो उतरलीस, आणि वर म्हणे काही होत नाही. मला डोळे नाहीत का?"

"तू घाबरशील म्हणून गं."

"तू खोटं बोलत होतीस, म्हणून घाबरले. म्हटलं, ताई माझ्यापासून लपवतेय, म्हणजे काहीतरी भयंकर असणार."

"चुकलं माझं," बाई म्हणाल्या.

मग धाकटीनं विचारलं, "तो संमतीपत्राचा कागद उद्या मिळेल का? घरी नेऊन वाचेन. सही करायची की नाही, ते शनिवारी सांगेन."

"मिळेल की," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "शंका लिहून आणा, कितीही असू देत."

"ताई, तू बरोबर यायचंस. आणि विचारेन ते खरं सांगायचंस."

आठ दिवस छातीवर बसलेलं ओझं एकदम उतरलं, आणि बाईंचे डोळे भरून आले. "येते," त्या म्हणाल्या. काचेपलीकडून तंत्रज्ञानं त्यांना माइकजवळ सरकायची खूण केली, कारण काही ऐकूच जात नव्हतं.