मधली जागा

असरिलचं कापडाचं दुकान लांब पकनबारू शहराच्या बाजारात. दर दोन महिन्यांनी दहा दिवस तो बायकोच्या घरी यायचा. त्या दहाही रात्री यूस्निदार भिंतीकडे, तो स्वतः गादीच्या काठावर एक पाय जमिनीला टेकून, आणि मधे त्यांचा नऊ वर्षांचा रफ्दी ऐसपैस पसरलेला. पोराचा हात आईच्या गळ्यात, टाच बापाच्या बरगडीत. यूस्निदार झोपेतसुद्धा पोराचं पांघरूण सारखं करायची. असरिलचं कधीच खाली घसरलेलं असायचं. आपण पोटच्या पोरावर जळतोय हे त्याला कळत होतं, आणि त्यानंच तो जास्त जळत होता.

गावातले त्या वयाचे सगळे मुलगे रात्री सुरावात, म्हणजे प्रार्थनाघरात झोपायला जात. चौथ्या दिवशी दुपारी असरिलनं पोराची चटई-उशी काखोटीला मारली आणि सुरावात नेऊन टाकली.

इथेच तो चुकला. इथल्या रीतीनं घर आणि मुलं आईच्या कुळाची; बहिणीच्या मुलानं कुठे निजायचं ते मामा ठरवतो, बाप नाही. संध्याकाळी यूस्निदारचा थोरला भाऊ बुस्तामी तीच उशी घेऊन दारात हजर.

"काय पाव्हणं, आमचं पोरगं जड झालं का?"

"मोठा झालाय तो, दादा. लोक हसतात."

"लोक हसतात, की तुम्हाला झोप येत नाही?"

कॉफी ओतता ओतता यूस्निदार फिसकन हसली. असरिलचे कान तापले.

बुस्तामीनं भाच्याला पुढ्यात घेतलं. "जायचं का रे सुरावात?"

"मी गेल्या वर्षीच जाणार होतो, मामा. सगळे दोस्त तिथेच असतात. आईच नको म्हणाली."

यूस्निदारचं हसू मावळलं. ती नवऱ्याकडे वळली. "मग मी काय करणार होते? तुम्ही दहा दिवस येता आणि जागेवर हक्क सांगता. बाकीच्या पन्नास रात्री त्या खोलीत माझ्या सोबतीला कोण असतं?"

त्या पन्नास रात्री असरिलनं कधी मोजल्याच नव्हत्या.

"शुक्रवारपासून पोरगा सुरावात," बुस्तामी म्हणाला. "माझ्या शब्दावर, तुमच्या नाही. आणि पाव्हणं, तुमची गाडी सोमवारची ना?"

रफ्दी, यूस्निदार, बुस्तामी, तिघंही त्याच्याकडे बघत राहिले.

"दुकान माझा धाकटा भाऊ बघेल," असरिल म्हणाला. "महिना संपेपर्यंत मी इथेच."

"आणि मग?" यूस्निदारनं विचारलं.

"मग दर पंधरा दिवसांनी येईन."

"दादासमोर बोललात हं," ती म्हणाली आणि पहिला कप त्याच्यापुढे सरकवला.