नजर देण्याचा मान

चांदणखडा ज्या घरात तेवतो त्या घरात अंधार पाऊल ठेवत नाही, हे माळसोंडा गावात शाळेचं तोंड न पाहिलेल्यालाही पाठ होतं. सटवाजींच्या घरचा खडा तर सात पिढ्यांचा. तरीही त्या सकाळी त्यांच्या सुनेनं, सुकन्यानं, भाकरी तव्यावर टाकण्याऐवजी तव्याशेजारी निखाऱ्यांवर टाकली आणि ती काढताना हात भाजून घेतला. सासूबाई पंचफुलाबाई चुलीपासून दोन हातांवर बसल्या होत्या. त्यांनाही काही दिसलं नाही. वास आला तेव्हा कळलं.

चांदणखडे सिद्धेश्वर धरणाच्या खाली पूर्णेच्या पात्रात सापडत. दिसायला तुरटीसारखे, आतून दुधाळ उजेड. पण हा उजेड आपोआप टिकत नसे. रोज सकाळी खडा कोमट पाण्यानं धुवायचा, मांडीवर घ्यायचा आणि पापणी न हलवता त्याच्याकडे बघत बसायचं. लेकराला दूध पाजावं तशी त्याला नजर पाजायची. याला ‘नजर देणं’ म्हणत, आणि हा मान घरच्या सुनेचा. पुरुषांच्या नजरेवर खडा तेवतो की नाही, हे कोणी करून पाहिलं नव्हतं. पुरुषांना मोटारसायकल चालवायची असते. पाच-पंधरा वर्षांत सुनेचे डोळे जात, तोवर दुसरी सून येई. या व्यवस्थेत कोणाला काही अडचण वाटत नव्हती.

सुकन्याच्या लग्नाला चार वर्षं झाली होती. नवरा प्रभू वारंगा फाट्यावर टायरच्या दुकानात कामाला. तो आठवड्यातून एकदा घरी येई आणि बायको ठेचकाळते म्हणून चिडून परत जाई.

भाजलेल्या हाताला पट्टी बांधायला बुद्धवाड्यातल्या जनकाबाई आल्या. दवाखान्यातून निवृत्त झालेल्या नर्स. पट्टी बांधून झाल्यावर त्यांनी सुकन्याचा उजवा डोळा तळहातानं झाकला.

“किती बोटं हायेत?”

“दोन,” सुकन्या म्हणाली.

जनकाबाईंनी दुसरा हात वर केलाच नव्हता.

“पंचफुलाबाई, डावा डोळा गेला हिचा. उजवा वर्षभर पुरंल. बंद करा ते नजर देणं.”

“मह्या तर दोन्हीची राख झाली. मी मेले का?”

“न्हाई मेल्या. पण परवा शेळी समजून सरपंचाच्या मोटारसायकलीला पाला टाकला तुमी.”

“तिनं खाल्ला न्हाई, तवाच वळखलं मी,” पंचफुलाबाई म्हणाल्या. “तुमचं बोलणं बराबर हाय, बाई. पण उद्या आमच्या शिलाला बघायला नरसीहून पाव्हणे येऊन राहिले. खडा मंद दिसला तर पोरगी कोण करून घेईल? त्यांचा खडा लई तेज हाय म्हणतात.”

जनकाबाईंनी पिशवी उचलली. “आमच्या वस्तीतबी होते खडे. मह्या सासूनं आमचा पूर्णेत सोडला, म्हणून मी नर्स झाले. त्यांचा तेज हाय ना? मंग ते तेज कोणाच्या डोळ्यातून आलं, तेवढं इचारून घ्या.”

पंचफुलाबाईंनी ते ऐकलं आणि सुनेला खडा आणायला सांगितला.

दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत सुकन्यानं तीनदा नजर दिली. तिसऱ्या वेळी ती म्हणाली, “आत्याबाई, आता खडाच दोन-दोन दिसून राहिला.”

“एवढा दिवस काढ, माय. मंग आराम कर.”

पाहुणे आले. अमृतराव पुढे, त्यांची बायको मोतीबाई मागे, नवऱ्याच्या उपरण्याचं टोक धरून. मुलगा आला नव्हता. त्याला काही बघायचं नव्हतं. माजघराची दारं-खिडक्या लावून सगळ्यांनी खडा पाहिला.

“बरा हाय,” अमृतराव म्हणाले. “आमचा यापरीस तेज.” मग त्यांनी खिशातून सुई-दोरा काढला. “रंगरूप, शिक्षण आमी बघत न्हाई. पोरीनं एवढी सुई ओवून दाखवावी.”

खिडकी उघडली. शिलानं एका दमात सुई ओवली. बैलाचे दात पाहिल्यावर माणूस जशी मान हलवतो तशी अमृतरावांनी हलवली. “वीस वर्षं कुठं जात न्हाईत.”

सटवाजींची छाती फुगली.

इकडे पंचफुलाबाई मोतीबाईंना चहा देत होत्या. एकीनं कप पुढे केला, दुसरीनं हात भलतीकडेच केला. कप कलंडला. दोघींची बोटं एकमेकींना सापडली, ती चहाच्या ओल्यात.

“लगीन लवकर उरका, ईहीनबाई,” मोतीबाई हळूच म्हणाल्या. “मह्यात आता द्यायला काही उरलं न्हाई. खडा इझला तर हे मलाच बोलतेत.” मग त्यांनी विचारलं, “पोरगी दिसायला कशी हाय वो?”

पंचफुलाबाईंनी सांगायला तोंड उघडलं, आणि त्यांच्या ध्यानात आलं की त्यांना शिलाचा माहीत असलेला चेहरा ती दहा वर्षांची असतानाचा आहे. शिला आता एकवीसची होती.

“मही पोरगी तुमच्या खड्याला द्यायची न्हाई,” त्या म्हणाल्या.

“काहून?” सटवाजी ओरडले. “येड लागलं का?”

“काल जनकाबाईनं सुनंसाठी हेच सांगितलं, तं मला ऐकू आलं न्हाई. लेकीवर आलं तं बराबर ऐकू आलं. अशी मी.” त्या चाचपडत खड्यापाशी गेल्या, तो उचलला आणि आणून सटवाजींच्या मांडीवर ठेवला. “सात पिढ्यांचा हाय ना? घ्या. तुमी द्या नजर.”

पाहुण्यांसमोर माघार घेणं बरं दिसत नाही, म्हणून सटवाजींनी दिली. मनात वीस आकडे मोजून होईपर्यंत त्यांनी दम धरला. मग उपरण्यानं डोळे पुसले आणि खडा खाली ठेवला.

“लई आग होऊन राहिली,” ते म्हणाले.

“चार वर्षं झाले, मामंजी,” सुकन्या म्हणाली.

पाहुणे उठून गेले. संध्याकाळच्या आत खडा सटवाजींनी स्वतःच पूर्णेत टाकला. शिलाची सोयरीक मोडली. नरसीच्या घराला दोन महिन्यांत दुसरी मुलगी मिळाली, तिचीही नजर चांगली होती. सुकन्याचा उजवा डोळा राहिला, डावा परत आला नाही.

तेव्हा, नागरिकहो, घरात उजेड पडला की तो कोणाचा खर्च करून पडला आहे, हे विचारावं. आणि ते आपल्या मुलीला मागणी येईपर्यंत थांबून नव्हे. दुसऱ्याची मुलगी घरात आणतो त्याच दिवशी विचारावं.

सटवाजींच्या माजघरात एकवीस वर्षांपासून ट्यूबलाइट आहे. पाहुण्यांना खडा दिसावा म्हणून ती बंद करावी लागत असे.