शाहेरच्या लग्नघरचा पातळ रस्सा

खोटं काहीच लिहिलं नव्हतं मी. शाहेरच्या मुलाच्या लग्नाहून घरी आले, चपला काढल्या आणि आळीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एक ओळ टाकली : 'मनसफवरचा रस्सा पाणचट होता, पावडरीचा वाटला.' बस्स, एवढंच.

आता आमच्या करक गावात मनसफला, लग्नातल्या मटण-भाताला, रस्सा करतात तो जमीदचा, म्हणजे मेंढीच्या दह्याचे वाळवलेले गोळे भिजवून. त्यात यजमानानं डब्यातली पावडर घातली म्हणणं म्हणजे थेट अब्रूला हात घालणं. चौथ्या दिवशी पोलीस चौकीतून फोन आला. सायबर कायद्याखाली शाहेरची तक्रार, ऑनलाइन बदनामी!

"मॅडम, हेच तुम्ही चौकात उभं राहून ओरडला असतात तर एवढं झालं नसतं," वकील म्हणाला. "फोनवर लिहिलंत, तिथे अडकलात."

"म्हणजे ओरडायला हवं होतं?"

"ओरडला असतात तर बरं झालं असतं."

सत्तावीस वर्षं मुलींना सांगत आले, तोंडाची वाफ दवडू नका, लिहून काढा. घ्या आता! मुलींच्या सरकारी शाळेची मी मुख्याध्यापिका. निवृत्तीला दीड वर्ष राहिलेलं. शिक्षा झाली तर खुर्ची जाणार, आणि नाव जाणार ते वेगळंच. कोर्टाची रविवारची तारीख लागली होती; आमच्याकडे सुट्टी शुक्रवारची.

आमच्या ह्यांनी, फवाजनी, मग जाहा जमवली. शुक्रवारी दुपारच्या नमाजानंतर आळीतली अकरा वडीलधारी माणसं शाहेरच्या दारी गेली, तक्रार मागे घे म्हणायला. जाहात बायका जात नाहीत. मी गेले. मागच्या दारानं, बायकांच्या खोलीत. तिथे शाहेरची आई, हाज्जा वद्हा, फोन हातात घेऊन बसली होती. माझ्याकडे तिनं ढुंकूनही पाहिलं नाही.

मी दाराच्या फटीला डोळा लावला. शाहेरनं स्वतः कॉफी ओतली आणि पहिला कप जाहाचे म्होरके अबू नवाफ काकांपुढे ठेवला. आता काकांनी तो तसाच ठेवायचा, मागणं मांडायचं, आणि यजमान 'दिलं' म्हणाला की मगच ओठाला लावायचा. शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे हे. काका ब्याऐंशी वर्षांचे, उन्हातून चालत आलेले. त्यांनी कप उचलला आणि एका घोटात रिकामा केला.

"अगं आई गं!" मी म्हणाले.

"काकांनी कॉफी घेतली, आनंद झाला," शाहेर थंडपणे म्हणाला. "म्हणजे नुसतेच भेटायला आलात सगळे. या पुन्हा."

काकांनी कपाकडे पाहिलं आणि कपाळावर हात मारला. फवाजचा चेहरा तर असा पडला की मला राहवेना. मी दार ढकलून सरळ बैठकीत शिरले. अकरा दाढ्या माझ्याकडे वळल्या.

"शाहेर, ज्याला तक्रार असेल त्यानं माझ्याशी बोलावं."

"बोलतो की. एकच वाक्य म्हणा, मॅडम. रस्सा चांगला होता. आत्ता तक्रार मागे घेतो."

फवाज डोळ्यांनी विनवत होते, म्हण गं बाई, म्हणून टाक. मी तोंड उघडलं. देवाशपथ, म्हणणारच होते. जीभ रेटेना.

"लिहायला नको होतं, हे मान्य," मी म्हणाले. "पण पातळ होता."

"ठीक आहे," शाहेर लालबुंद होऊन उठला. "रविवारी कोर्टात भेटू."

तेवढ्यात सगळ्यांच्या खिशातले फोन एकदम वाजले. ग्रुपवर व्हॉइस मेसेज आला होता. कुणीतरी तो दाबला, आणि हाज्जा वद्हाचा खणखणीत आवाज बैठकीत घुमला :

"मी शाहेरची आई बोलतेय. रस्सा पातळ होता. पावडर घालू नका म्हणून मी घसा फोडून सांगत होते. ऐकतो कोण म्हातारीचं!"

पाठोपाठ ती स्वतः दारात आली. "लाव, माझ्यावरही तक्रार लाव. रविवारी आम्ही दोघी एकाच गाडीनं जाऊ."

"आई, ते पुसून टाक आधी!"

"मला कुठे येतंय पुसायला? बोलायचं तेवढं शिकवलंय नातीनं."

आधी अबू नवाफ काका हसले. मग सगळीच बैठक हसली, शाहेर सोडून. तो खाली बसला. थोड्या वेळानं त्यानं किटली उचलली आणि काकांपुढे नवा कप भरून ठेवला.

"मांडा काका. आणि कृपा करून पिऊ नका."

काकांनी दोन्ही हात मांडीखाली घातले आणि मागणं मांडलं. "प्या, दिलं," शाहेर म्हणाला.

माणसं पांगली. मी निघाले तर तो दारापर्यंत आला आणि हळूच म्हणाला, "झाकण काढलं तेव्हाच कळलं होतं मला, मॅडम. आचाऱ्यानं फसवलं. पण दारात सहाशे माणसं जेवायला बसली होती. काय करणार होतो मी? घास गिळवत नव्हता मला. वाटलं, कुणाच्या लक्षात येणार नाही."

कोर्टाला मी भ्याले होते, पण लाज अशी वाटली नव्हती. ती तिथे, त्या उंबरठ्यावर वाटली.

"चुकलं रे माझं, शाहेर," मी म्हणाले. हे मात्र कुणी म्हणायला लावलं नव्हतं.