सुरळीतली ओ

त्या वटवाघळाची जात फार थोड्यांना ठाऊक होती. अंगठ्याएवढा जीव. पंखांवर इवल्या गोल चकत्या असायच्या. त्यांच्या जोरावर ते केळीच्या न उलगडलेल्या पानात, सुरळीच्या आत, चिकटून राहायचं. पान उलगडलं की घर मोडलं. मग सगळा थवा नवी सुरळी शोधायचा. कुणी मागे राहिलं तर ते बाहेरून हाक मारायचं आणि आत शिरलेलं आतून ओ द्यायचं.

केळीच्या बागांवर कसलीशी जहाल फवारणी झाली आणि थवेच्या थवे संपले. संशोधन केंद्रातल्या बाईंनी बागा पालथ्या घातल्या, तेव्हा एकच जिवंत सापडलं. त्याच्यासाठी त्यांनी एक खोली रिकामी केली, केळीच्या कुंड्या आणून ठेवल्या. पण ते समोर ठेवलेल्या अळ्यांना तोंड लावेना. नुसतं हाका मारायचं. माणसाच्या कानाला तो आवाज ऐकू येत नाही. ध्वनियंत्राच्या पडद्यावर फक्त रेघा उमटायच्या.

बाईंचा नवरा तिथलीच ध्वनियंत्रं सांभाळायचा. तो म्हणाला, "अगं, जुन्या थव्याचं रेकॉर्डिंग आहे माझ्याकडे. ओ ऐकली तर कदाचित खाईल."

"आत कुणी नसताना ओ द्यायची?"

"पोटात चार अळ्या गेल्या तर खरं काय नि खोटं काय!"

बाईंना ते पटलं नाही, पण दुसरा इलाजही सुचेना. दुपारी त्याने सुरळीच्या तोंडाशी बोटभर स्पीकर अडकवला. पडद्यावर हाकेची रेघ उमटली, पाठोपाठ ओ गेली. वटवाघूळ बाणासारखं आलं आणि सुरळीत शिरलं. क्षणात ते बाहेर आलं. पुन्हा हाक, पुन्हा ओ, पुन्हा आत, पुन्हा बाहेर.

"उडतंय बघ!" नवरा हरखून म्हणाला. "इतके दिवस कोपऱ्यात बसून होतं."

"उडत नाहीये रे. शोधतंय."

"थांब जरा, सवय होईल त्याला."

ते दमून फरशीवर पडलं, तरी तोंड उघडून हाक मारतच होतं आणि यंत्र इमानेइतबारे ओ देतच होतं. बाईंनी उठून वायर उपसली.

त्यानंतर ते त्या गप्प सुरळीकडे तोंड करून हाका मारत राहिलं. रेघा दिवसेंदिवस बारीक होत गेल्या आणि एका सकाळी पडदा कोराच राहिला. वटवाघूळ जिवंत होतं. बाई ड्रॉपरने पाणी पाजायच्या. ते तोंड फिरवायचंही नाही, गिळायचंही नाही. शेवटी त्यांच्या तळहातावरच ते गेलं. हाताला वजन आधीही कळत नव्हतं आणि नंतरही कळलं नाही.

घरी जेवायला बसल्यावर नवऱ्याने विचारलं, "माझ्यामुळे गेलं का गं?"

नाही म्हणायला हवं होतं. बाईंनी तोंडही उघडलं.

"तसंही जाणारच होतं," त्या म्हणाल्या.

त्याने मान हलवली. ताट तसंच सारून तो उठला. बाई समोर बसून राहिल्या. त्याला परत बोलवावं असं फार वाटूनही त्यांच्या तोंडून आवाज फुटला नाही.