पुठ्ठ्याखालचा हात

गप्प बसायचं म्हणजे तिला शिक्षाच. घरात तिला सगळे बडबडीच म्हणत. सासरे तर म्हणायचे, "आमच्या सुनेला स्वल्पविराम ठाऊक आहे, पूर्णविराम नाही." आणि आज नेमकी तिच्याच पुस्तकाची मुकी परीक्षा होती.

मुकी परीक्षा ही संपादकबाईंची रीत. मुलांसाठीचं विज्ञानाचं पुस्तक छपाईला जायच्या आधी त्यातला प्रत्येक प्रयोग कुणीतरी नवख्या माणसाने नुसता वाचून करायचा. लेखकाने समोर बसायचं, पण चकार शब्द काढायचा नाही. "पुस्तकाबरोबर लेखक काही घरोघरी जात नाही," बाई म्हणायच्या. प्रयोग फसला की गाळला.

बडबडीचं हे पहिलंच पुस्तक, हवेवरचं. बाकीचे प्रयोग पार पडले होते. उरला होता एकच: भरलेल्या ग्लासवर पुठ्ठा ठेवून ग्लास उलटा करायचा; खालची हवा पुठ्ठ्याला वर ढकलून धरते आणि पाणी पडत नाही. मुखपृष्ठावर त्याचंच चित्र होतं. हा गळला की मुखपृष्ठ गेलं, आणि पुस्तक पुढच्या वर्षावर. लेक झोपली की चार ओळी, उठली की तिला कडेवर घेऊन ओट्याशी उभ्याने दोन ओळी, असं लिहिलेलं पुस्तक.

घरच्याच ओट्याशी, संपादकबाईंसमोर, परीक्षेला बसले होते सासरे. दिवसभर दुकानात घड्याळं दुरुस्त करायचे, त्यामुळे हा प्रयोग त्यांनी कधी पाहिला नव्हता. शिवाय माणूस असा की सांगितलंय तेवढंच करणार, एक पेच जास्त फिरवणार नाही.

"ग्लास काठोकाठ भरा," त्यांनी मोठ्याने वाचलं. "भरला. वर पुठ्ठा ठेवा. ठेवला. ग्लास झटकन उलटा करा."

बडबडीने लेकीच्या झबल्यात तोंड खुपसलं.

ग्लास उलटा झाला. पुठ्ठा एकीकडे, पाणी थेट सासऱ्यांच्या मांडीवर. लेक खदखदून हसली.

"घ्या!" सासरे म्हणाले. "हवेने मला ओळखलं नाही वाटतं."

संपादकबाई हसल्या नाहीत. त्यांनी पानावर पेन्सिलीने तिरकी रेघ मारली. "गाळू या. मलाही वाईट वाटतंय. पण पोरं भिजतील आणि म्हणतील, पुस्तक खोटं बोलतं."

बडबडी लेकीला घेऊन उठलीच. "पण होतो हो बाई! याच ओट्यावर कितीदा केलाय मी!"

"मग करून दाखवा. आता बोललात तरी चालेल."

तिने लेकीला कडेवर सावरलं, ग्लास भरला, पुठ्ठा ठेवला. सासूबाई शेजारीच कपड्यांच्या घड्या घालत होत्या. बडबडीने ग्लास उचलला तसा त्यांनी मान वर न करताच हात लांबवला आणि पुठ्ठ्यावर तळवा टेकवला. ग्लास उलटा झाला, तळवा अलगद निघाला आणि परत घडीकडे वळला. पाणी जागच्या जागी.

"थांबा," संपादकबाई म्हणाल्या. "हा हात कुणाचा?"

सासूबाई दचकल्या. "अगं बाई, चुकलं का माझं? पोर कडेवर असते ना हिच्या, एक हात अडकलेला. म्हणून मी आपली टेकवते."

"पण हे लिहिलंय कुठे?"

बडबडीने पान पाहिलं. नव्हतंच लिहिलेलं. पुठ्ठा तिने स्वतः कधी धरलाच नव्हता, मग धरावा लागतो हे सुचणार कुठून? तिला आठवलं, लिहिता लिहिता गार झालेला चहा कपात पुन्हा गरम असायचा. लेक कुरकुरली की मधलं दार कुणीतरी हळूच ओढून घ्यायचं. तिने पानावरून नजर उचलून सासूबाईंकडे पाहिलं.

"आई," ती म्हणाली, "पुस्तकात आभाराचं पान असतं, त्यात तुमचं..."

"आभार कोण वाचतंय? पोरं ते पान उलटून पुढे पळतात." सासूबाईंनी झबलं झटकलं. "तू आपलं कृतीतच लिही. कुणी भिजणार तरी नाही."

तिने लिहिलं: 'दुसऱ्या हाताचा तळवा पुठ्ठ्यावर घट्ट धरा. ग्लास उलटा करा, मग तळवा हळूच काढा. हात मोकळा नसेल, तर घरातल्या कुणाला तरी हाक मारा.'

संपादकबाईंनी वाचलं, तिरकी रेघ खोडरबराने पुसली. "परीक्षा पुन्हा. आणि तुम्ही गप्प!"

सासरे कोरडी विजार घालून आले. नवी ओळ त्यांनी सावकाश वाचली, आपल्या दोन्ही मोकळ्या हातांकडे पाहिलं आणि सरळ नातीला उचलून कडेवर घेतलं.

"माझा हात काही मोकळा नाही," त्यांनी जाहीर केलं. "अगं, येतेस का जरा?"

"आले," म्हणत सासूबाईंनी हातातली घडी खाली ठेवली.

ग्लास उलटा झाला. तळवा निघाला. थेंबही पडला नाही. बडबडी अगदी गप्प बसून होती, आणि या वेळी तिला ते मुळीच जड गेलं नाही.